‘तमस’ : दूरदर्शनवरील प्रक्षेपण आणि न्यायालयीन लढा

‘तमस’ ही गोविंद निहलानी दिग्दर्शित, भीष्म साहनी यांच्या १९७४ मधील हिंदी कादंबरीवर आधारित दूरचित्रवाणी मालिका होय. जानेवारी १९८८ मध्ये दूरदर्शनवर तिचे प्रक्षेपण सुरू होताच देशभर वाद उसळला. पुढे तिच्या संदर्भातील निकाल अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या इतिहासात महत्त्वाचा ठरला.

कथेची पार्श्वभूमी फाळणीपूर्वीच्या पंजाबातील दंगलींची आहे. चामड्याचे काम करणाऱ्या नत्थूकडून फसवणुकीने डुक्कर मारून घेतले जाते. ते मशिदीच्या पायरीवर आढळते आणि शहर पेटते. साहनी मूळचे रावळपिंडीचे. १९४७ च्या तेथील दंगली त्यांनी पाहिल्या होत्या. मात्र कादंबरीची प्रेरणा त्यांना १९७० च्या दंगलीनंतर भिवंडीला दिलेल्या भेटीतून मिळाली. ओम पुरी, दीपा साही, अमरीश पुरी यांच्यासह स्वतः साहनी यांनीही मालिकेत भूमिका केली.

मालिकेमुळे धार्मिक तेढ वाढेल, असा आक्षेप घेत मुंबई उच्च न्यायालयात याचिका दाखल झाली आणि एकल न्यायमूर्तींनी प्रक्षेपणास स्थगिती दिली. त्याविरुद्धच्या अपिलात न्या. बख्तावर लेंटिन व न्या. सुजाता मनोहर यांच्या खंडपीठाने संपूर्ण कलाकृती पाहिली आणि स्थगिती उठविली. त्यानंतर प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. ‘रमेश विरुद्ध भारत सरकार’ या खटल्यात १६ फेब्रुवारी १९८८ रोजी न्या. सब्यसाची मुखर्जी व न्या. एस. रंगनाथन यांनी याचिका फेटाळली.

या निकालाचा धागा नागपूरपर्यंत जातो. एखाद्या अभिव्यक्तीचा परिणाम दुर्बल, डळमळीत मनाच्या नव्हे, तर विवेकी व खंबीर मनाच्या व्यक्तीच्या दृष्टीने जोखावा, हा न्या. व्हिव्हियन बोस यांनी नागपूर उच्च न्यायालयात १९४६ मध्ये मांडलेला निकष सर्वोच्च न्यायालयाने स्वीकारला. दोन्ही समाजांतील अतिरेकी प्रवृत्तींचे दर्शन हिंसेला चिथावणी देत नसून तिच्या परिणामांची जाणीव करून देते, असा निष्कर्ष न्यायालयाने काढला.

‘तमस’ला राष्ट्रीय एकात्मतेसाठीचा नर्गिस दत्त पुरस्कार मिळाला, सुरेखा सिक्री व संगीतकार वनराज भाटिया यांनाही राष्ट्रीय पुरस्काराने गौरविण्यात आले. पंचवीस वर्षांनी, ऑगस्ट २०१३ मध्ये, एका खासगी वाहिनीवरून तिचे पुनःप्रक्षेपण झाले. चित्रपट व मालिकांवर बंदीची मागणी होते, तेव्हा ‘तमस’च्या निकालाचा दाखला आजही दिला जातो.