शंख, शंकू आणि नावांचे नाते

भुसावळजवळील दीपनगराचे नाव रोमन लिपीत लिहिले, की पहिल्या चार अक्षरांचा इंग्रजीत 'खोल' या अर्थाचा शब्द तयार होतो. म्हणून दीपनगर म्हणजे खोल नगर, असे मात्र कोणी म्हणत नाही. औष्णिक वीजकेंद्राच्या या वसाहतीचे नाव 'दीप्' म्हणजे प्रकाशणे या संस्कृत धातूशी जोडलेले आहे, हे शाळकरी मुलालाही ठाऊक असते. येथे फसगत होत नाही, कारण दोन्ही शब्दांचे कूळ आपल्या परिचयाचे आहे.

कूळ परिचयाचे नसले, की फसगत होते. संस्कृत 'दीप' प्राकृतात 'दीव' झाला व त्यातून आपला 'दिवा' आला. संस्कृत 'द्वीप' हाही झिजून 'दीव' झाला आणि गुजरातच्या किनाऱ्यावरील बेटाचे ते नाव झाले. दोन भिन्न शब्द शतकानुशतकांच्या वापराने एकरूप झाले. पाली भाषेत तर दोहोंचे रूप 'दीप' असेच आहे. त्यामुळे भगवान बुद्धांच्या प्रसिद्ध उपदेशातील 'दीप' म्हणजे दिवा की आश्रयाचे बेट, याची चर्चा पंडित करीत आले आहेत.

हा विषय केवळ पंडितांचा नाही. आपल्या धर्मग्रामांतील कुटुंबांना प्रवासात, कार्यालयात, शेजारी कधी आपुलकीने तर कधी वादासाठी विचारले जाते : ख्रिस्त आणि कृष्ण हे एकच नव्हेत काय? अब्राहाम म्हणजेच ब्रह्मा आणि त्याची सारा म्हणजेच सरस्वती नव्हे काय? उलट आपल्यापैकीही काही जण 'ओम'मध्ये 'आमेन' ऐकतात. अशा वेळी नुसते रागावणे किंवा नुसते मान डोलावणे, दोन्ही अपुरे आहे. सारखेपणाची परीक्षा कशी करावी, हे आधी पाहिले पाहिजे. त्यासाठी आम्ही वाचकांना थोडा वेळ शंखशिंपल्यांच्या जगात नेऊ इच्छितो.

उष्ण समुद्रांत 'कोनस' नावाची विषारी गोगलगाय राहते. तिचे कवच एका टोकाला रुंद व दुसऱ्या टोकाला निमुळते, शंकूसारखे असते. लिनियस या शास्त्रज्ञाने १७५८ मध्ये हे नाव शास्त्रात रूढ केले. या कुळाचे सर्वांत जुने अवशेष सुमारे साडेपाच कोटी वर्षांपूर्वीचे आहेत आणि त्यातील कितीतरी जाती आज नामशेष झाल्या आहेत. कच्छमध्ये कॅप्टन ग्रँट यांनी जमविलेल्या जीवाश्मांचे वर्णन सॉवर्बी यांनी १८४० मध्ये प्रसिद्ध केले, त्यांत कोनसच्या जातीही होत्या. खानदेशच्या काळ्या कातळात मात्र कोनस सापडणार नाही. तो कातळ सुमारे सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वी जमिनीवर पसरलेल्या लाव्हारसाचा आहे. कोनसचे कूळ तेव्हा निर्माणच व्हायचे होते. लाव्हाच्या थरांमधील काळात तळी साचली, त्यांतील गोड्या पाण्याच्या गोगलगायींची कवचे मात्र दख्खनमध्ये मिळतात. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी १८६० मध्ये त्यांचे वर्णन केले.

ऑस्ट्रियातील गोझाऊ येथील खडकांत कोनसहूनही जुनी, जाड, शंकूसारखी कवचे सापडतात. वरवर पाहणाऱ्यास ती कोनसचीच वाटावीत. पण कवच कापून पाहिले, की भेद उघड होतो. कोनस वाढताना आपल्या कवचाच्या आतील भिंती विरघळवून पातळ करतो. या दुसऱ्या प्राण्याच्या आतील भिंती जाडच राहतात आणि मधल्या खांबावर घड्या असतात. त्याचे नाव ॲक्टिओनेला. ते सर्वस्वी निराळे कूळ असून डायनोसॉरांच्या काळाबरोबर ते संपले. बाहेरचा आकार एक, पण रक्ताचे नाते नाही.

याच्या उलटही घडते. डोमिनिकन प्रजासत्ताकात सापडलेली कोनसची जुनी कवचे पांढरी पडलेली होती आणि त्यांतील जाती ओळखणे कठीण होते. जोनाथन हेंड्रिक्स या संशोधकाने ती अतिनील प्रकाशात धरली, तेव्हा पुसलेली नक्षी चमकू लागली. २०१५ मध्ये त्यांनी अशा २८ जातींची नोंद केली, त्यांपैकी १३ शास्त्राला नवीन होत्या. डोळ्यांना न दिसणारे नातेही योग्य प्रकाशात दिसते.

शब्दांचेही असेच आहे. मराठीत 'शंकू' आणि 'शंख' सख्खे भाऊ वाटतात. परंतु संस्कृत 'शंकु' म्हणजे खुंटी किंवा मेख. शंखाशी त्याचा संबंध नाही. आपला 'कोन' आणि ग्रीक 'कोनोस' यांचे तर उच्चारही जुळतात. पण एकाचा अर्थ कोपरा आणि दुसऱ्याचा पाइन वृक्षाचे फळ. समुद्रातल्या गोगलगायीला नाव मिळाले ते या फळावरून. मग शंखाचा खरा नातेवाईक कोण? ग्रीक 'कोंखे' आणि लॅटिन 'कोंखा'! कानाला दूरचे वाटणारे हे शब्द एकाच कुळातील मानले जातात, कारण त्यांच्यामागे नियम आहे. संस्कृतात जेथे 'श' येतो तेथे ग्रीक-लॅटिनमध्ये अनेकदा 'क' येतो. दश म्हणजे लॅटिन 'देकेम', शत म्हणजे 'केंतुम', श्वन् म्हणजे 'कानिस'. एखादी जोडी योगायोगाने जुळेल, पण अशी रांग योगायोगाने जुळत नाही.

हा शोध लागण्यात कॅथलिक धर्मगुरूंचा मोलाचा वाटा आहे, ही गोष्ट आपल्या मुलांना सांगितली पाहिजे. १५७९ मध्ये गोव्यात आलेले व पुढे १६१६ मध्ये 'ख्रिस्तपुराण' मराठीत छापविणारे येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स यांनी १५८३ मध्ये भावाला लिहिलेल्या पत्रात, येथील भाषांची रचना ग्रीक व लॅटिनसारखी असल्याचे नोंदविले. त्याच दशकात फिलिप्पो सास्सेत्ती या फ्लॉरेन्सच्या व्यापाऱ्याने सप्त-सेत्ते, नव-नोवे, देव-दिओ अशा जोड्या टिपल्या. पाँडिचेरीचे येशूसंघीय फादर केर्दू यांनी १७६७ मध्ये पॅरिसच्या विद्वानांना देव-देउस, दान-दोनुम, विधवा-विदुआ अशी सूचीच पाठविली. ती छापली गेली १८०८ मध्ये. दरम्यान १७८६ मध्ये कलकत्त्याला सर विल्यम जोन्स यांनी हाच विचार मांडला आणि श्रेय त्यांना मिळाले.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. 'ख्रिस्तोस' हा ग्रीक शब्द 'अभिषिक्त' या अर्थाचा असून तो हिब्रू 'मशीहा'चे भाषांतर आहे. 'कृष्ण' म्हणजे काळा, सावळा. त्याचा भाऊबंद शोधावयाचा तर रशियन 'चोर्नी' म्हणजे काळा या शब्दात सापडतो. अब्राहाम हे हिब्रू नाव. उत्पत्तीच्या पुस्तकाने त्याचा अर्थ पुष्कळ राष्ट्रांचा पिता असा दिला आहे. ब्रह्मा हे नाव 'बृह्' म्हणजे वाढणे या धातूकडे नेले जाते. सारा म्हणजे राजकन्या, तर सरस्वती म्हणजे जलाशयांनी युक्त. 'आमेन'च्या मुळाशी दृढ, विश्वसनीय असा हिब्रू अर्थ आहे. 'ओम'शी त्याचे नाते नाही. फ्रेंच लेखक जाकोलियो यांनी १८६९ मध्ये ख्रिस्त व कृष्ण एकच, असे पुस्तक लिहून खळबळ उडविली. संस्कृतचे थोर उपासक माक्स म्युलर यांनीच त्यांचे म्हणणे खोडून काढले.

गंमत अशी, की आपल्या घरच्या दोन शब्दांतही असाच चकवा आहे. लॅटिन मिस्सातील 'देउस' आणि नव्या कराराच्या मूळ ग्रीक भाषेतील 'थेओस', दोहोंचा अर्थ परमेश्वर, उच्चारही जवळचा, पण कुळे भिन्न. 'देउस'चा सख्खा भाऊ आपला 'देव' आहे. तसेच 'पाद्री' हा पोर्तुगीज शब्द परका वाटला, तरी त्याचे मूळ लॅटिन 'पातेर', म्हणजे आपल्या 'पितृ'चाच भाऊ.

खानदेश या नावाचीही अशीच परीक्षा हवी. कोणी ते फारुकी राजांच्या 'खान' पदवीशी जोडतात, कोणी कान्हदेश म्हणजे कृष्णाचा देश असे सांगतात. यादवकालीन लेखांत या प्रदेशाचे नाव सेउणदेश आहे. अशा वादाचा निकाल कोरीव लेख व कागदपत्रे लावतात. कोणत्या समाजाला कोणता अर्थ गोड वाटतो, यावरून तो लागत नाही.

ख्रिस्त आणि कृष्ण ही नावे वेगळी आहेत, असे शेजाऱ्यास सांगितल्याने मैत्री तुटत नाही. उलट त्याच्या श्रद्धेला तिचे स्वतःचे मूळ आहे, हे आपण मान्य करतो आणि आपल्या श्रद्धेसाठीही तोच मान मागतो. खोट्या नात्यावर उभी केलेली जवळीक पहिल्याच वादात कोसळते. खरे नाते हवे असेल, तर ते 'देव' आणि 'देउस' मध्ये आहेच. अनेक चर्चमध्ये स्नानसंस्काराच्या वेळी बालकाच्या मस्तकावर शिंपल्याच्या आकाराच्या पात्राने पाणी घालतात, आणि देवळात आरतीच्या वेळी शंख फुंकतात. त्या शिंपल्याचे लॅटिन नाव 'कोंखा' आणि तो 'शंख' ही एकाच जुन्या शब्दाची दोन रूपे मानली जातात. शेजाऱ्याशी बोलणे सुरू करावयास एवढे नाते पुरेसे आहे.