पटकथाकार माडगूळकर



परीक्षेचा निकाल लागला की एखादा अनुत्तीर्ण मुलगा शाळेच्या भिंतीआड तोंड लपवून उभा राहतो. त्याला काय सांगावे, हे आम्हां शिक्षकांना उमगत नाही. अशा वेळी मला गजानन दिगंबर माडगूळकर आठवतात.

१ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे येथे जन्मलेले माडगूळकर मॅट्रिकला नापास झाले आणि उपजीविकेसाठी कोल्हापूरच्या चित्रसृष्टीत शिरले. १९३८ च्या 'ब्रह्मचारी'त त्यांना लहानशी भूमिका मिळाली. परंतु त्यांचे खरे भाग्य लेखणीत होते. १९४७ साली 'रामजोशी' आला आणि त्यांचे नाव महाराष्ट्रभर झाले. पुढे 'लाखाची गोष्ट', 'पेडगावचे शहाणे' असे एकाहून एक सरस चित्रपट त्यांनी लिहिले.

आमच्या ठाणाकुशनूरसारख्या, कन्नड, उर्दू व मराठी एकाच ओट्यावर नांदणाऱ्या सीमेवरच्या गावी त्यांना ओळखतात ते 'गीतरामायणा'चे कवी म्हणून. यात नवल नाही. गीत ओठांवर राहते; पटकथा मात्र पडद्यावरील चित्रात विरून जाते. म्हणूनच तिच्या कर्त्याचे स्मरण मुद्दाम करावे लागते.

औंध संस्थानात १९३९ साली आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही खुली वसाहत उभी राहिली. मॉरिस फ्रीडमन या पोलिश अभियंत्याची प्रेरणा त्यामागे होती. तेथे कैद्यांभोवती भिंती नव्हत्या. होती शेती आणि विश्वास. माडगूळकर याच मुलखातले. या प्रयोगाचे बीज घेऊन त्यांनी 'दो आँखें बारह हाथ' लिहिला. सहा खुनी कैदी, त्यांचे बारा हात, आणि त्यांच्यावर विश्वास टाकणाऱ्या तुरुंगाधिकाऱ्याचे दोन डोळे! व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटाला १९५७ सालचे राष्ट्रपती सुवर्णपदक लाभले, आणि १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवातही त्याचा गौरव झाला. माणदेशच्या माळावरील गोष्ट अशी जगापर्यंत पोचली.

मॅट्रिकला अडलेले हेच माडगूळकर १९७३ साली यवतमाळच्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. १४ डिसेंबर १९७७ रोजी त्यांचे निधन झाले.

परीक्षा निरर्थक आहे, असे मी म्हणणार नाही. परंतु गुणपत्रिका ही माणसाभोवतीची भिंत होऊ नये. भिंतीआड उभ्या असलेल्या त्या मुलाकडेही कोणीतरी विश्वासाच्या दोन डोळ्यांनी पाहिले पाहिजे.