राऊळ: राजाचं घर, देवाचं घर आणि एक वेडा म्हातारा

आपल्या शहराचं नावच आता एका राजपदवीने सुरू होतं. छत्रपती म्हणजे छत्राचा धनी. ६ जून १६७४ ला रायगडावर शिवाजी महाराजांनी ही पदवी घेतली आणि २०२३ पासून ती आपल्या बसच्या पाट्यांवर आणि आधार कार्डांवर आली. पण आज मला छत्रपतीबद्दल लिहायचं नाहीये. इथून पंधरा-सोळा किलोमीटरवरच्या देवगिरीच्या काळात राजाच्या घराला लोक एक साधा, बोलीतला शब्द वापरायचे, त्याबद्दल लिहायचंय. तो शब्द म्हणजे राउळ. आज आपण राऊळ लिहितो.

मंडळी, तुमच्या ओळखीत राऊळ आडनावाचं कुणी ना कुणी असेलच. कोकणात, विशेषतः सिंधुदुर्गाकडे, हे आडनाव भरपूर. अर्थ विचारलात तर बहुतेक जण सांगतील, "राऊळ म्हणजे देऊळ." बरोबरच आहे. पण हा शब्दाचा दुसरा जन्म. पहिल्या जन्मात तो राजवाडा होता.

मूळ संस्कृत शब्द राजकुल. इथे कुल म्हणजे नुसतं घराणं नव्हे, घरसुद्धा. गुरुकुल आठवा, म्हणजे गुरूचं घर. आता राजकुलचं राउळ कसं झालं? ही गंमत आपल्या धंद्यातल्या लोकांना आवडेल. प्राकृत व्याकरणकारांनी एक नियम देऊन ठेवलाय: शब्दाच्या मध्ये येणारे क, ग, च, ज, त, द, प, य, व हे बहुधा गळतात. जणू कुणीतरी सगळ्या भाषेवर एक रेग्युलर एक्स्प्रेशन चालवलं आणि मधली व्यंजनं उडवली! राजकुल मधला ज गेला, क गेला, उरलं राउल. मग मराठीत आल्यावर दोन स्वरांमधल्या एकट्या ल चा ळ झाला, जसा फल चं फळ आणि कमल चं कमळ. झालं राउळ. याच नियमाने देवकुलचं देऊळ. म्हणजे राऊळ आणि देऊळ हे एकाच साच्यातून निघालेले सख्खे भाऊ. कुंभकारचा कुंभार, लोहकारचा लोहार, सुवर्णकारचा सोनार ही सगळी याच गिरणीतली पिठं.

या राजघराण्यातले बाकीचे शब्दही बघा. राजपुत्रचं झालं राउत. आधी राजाचा पोरगा, मग घोडेस्वार, मग आडनाव. राजाचं झालं राय आणि राव. बाजीरावाला राऊ म्हणायचे तेही त्यातलंच. आणि आपण चहाच्या टपरीवर रोज म्हणतो ते "काय राव!" हेही तेच. समोरच्याला आपण चक्क महाराज म्हणतोय आणि दोघांनाही त्याचा पत्ता नाही :)

राजाच्या घराचं नाव राजालाच लागायचं हा प्रकार फक्त आपल्याकडचा नाही. इजिप्तचा फॅरो म्हणजे मुळात 'मोठं घर'. आधी तो शब्द राजवाड्यासाठी होता, मग आत राहणाऱ्या माणसाला चिकटला. जपानच्या सम्राटाला मिकाडो म्हणत, म्हणजे 'आदरणीय दरवाजा'. ऑटोमन सरकारला युरोपातले वकील 'उंच दरवाजा' म्हणत. आणि आपला दरबार? फारसीत दर म्हणजे दार. दरवाजांच्या या शहरात, भडकल गेटखालून (मलिक अंबरने १६१२ मध्ये बांधलेलं) रोज ऑफिसला जाणाऱ्या माणसाला हे पटायला जड जाऊ नये. सत्ता म्हणजे एक दार, आणि त्या दाराच्या आत कोण आणि बाहेर कोण, एवढाच तर प्रश्न असतो.

उलटा प्रवासही होतो. कधी घराऐवजी एका माणसाचं नावच पदवी बनतं. सीझरचा जर्मनीत कैझर झाला आणि रशियात झार. हंगेरीत राजाला किराय म्हणतात, तो शब्द शार्लमेनच्या कार्ल या नावावरून स्लाव भाषांमार्गे तिथे पोचला. म्हणजे मध्ययुगातला प्रत्येक हंगेरियन राजा स्वतःला नकळत 'कार्ल' म्हणवून घेत होता! आपल्याकडे मात्र घर जिंकलं.

आता देवगिरीकडे येऊ. पाचव्या भिल्लमाने बाराव्या शतकाच्या शेवटी इथे यादवांची राजधानी केली. यादवांची अधिकृत पदवी काय होती माहितीये? प्रौढप्रतापचक्रवर्ती. एका दमात म्हणून बघा. शिलालेखांत आणि ताम्रपटांत ती येते. पण बाजारात भाजी घेणारा माणूस "प्रौढप्रतापचक्रवर्तींनी कर वाढवला" असं म्हणत असेल का? त्याच्यासाठी होतं राउळ. राजवाडा म्हणजे राउळ, सरकार म्हणजे राउळ, मोठा मानाचा माणूस तोही राउळ. आपण जसं "मंत्रालयातून फोन आला" म्हणतो. इमारत काही फोन करत नाही, पण आपल्याला बरोबर कळतं.

याच घराण्यातल्या रामदेवरावाच्या, म्हणजे रामचंद्र यादवाच्या नशिबी पदवीची एक विचित्र कथा आली. १२९६ मध्ये अलाउद्दीन खलजीने देवगिरीवर पहिली धाड घातली. पुढे खंडणी थांबली म्हणून मलिक काफूर फौज घेऊन आला आणि राजाला दिल्लीला घेऊन गेला. तिथे अलाउद्दीनने त्याला सन्मानाने वागवलं, राज्य परत दिलं आणि पदवी दिली, राय-ए-रायान. रायांचा राय. यातला राय आपला, प्राकृतातून आलेला, आणि त्याला जोडलेलं अनेकवचन आणि 'ए' फारसी. व्याकरण जिंकणाऱ्याचं, शब्द हरणाऱ्याचा! १३१८ पर्यंत यादवांचं राज्य संपलं. १३२७ मध्ये मुहम्मद तुघलकाने राजधानी इथे आणली आणि देवगिरीचं दौलताबाद झालं. चक्रवर्ती गेला, राय-ए-रायान गेला. राउळ मात्र राहिलं.

कसं राहिलं? कारण तोपर्यंत त्या शब्दाने राजवाडा सोडून दोन नवीन घरं शोधली होती.

पहिलं घर देवाचं. आपल्याकडे देवाची पूजा हा मुळात राजाचा दिनक्रम आहे. पहाटे काकड आरतीने उठवायचं, न्हाऊ घालायचं, पोशाख करायचा, सिंहासनावर बसवायचं, छत्र-चामरं धरायची, रात्री शेजारती करून झोपवायचं. या सगळ्याला नावच राजोपचार आहे. वारकरी विठ्ठलाला पंढरीचा राणा म्हणतात, पंढरीराया म्हणतात. मग राणा जिथे राहतो ते राउळच की! म्हणून संतांच्या अभंगांत राउळ म्हणजे देऊळ. राजे बदलले, हा राजा बदलला नाही, त्यामुळे शब्दाला कायमचा पत्ता मिळाला.

(अवांतर: उत्तरेत हाच शब्द रावल झाला. मेवाडचा बाप्पा रावल, जैसलमेरचे महारावल आणि बद्रीनाथच्या मुख्य पुजाऱ्याची पदवीसुद्धा रावल. नाथपंथातही रावळ आहेत. आणि महाराष्ट्राच्या जुन्या गॅझेटियरांत रावळ नावाच्या समाजाची नोंद सुती पट्ट्या विणणारे अशी सापडते. राजवाड्यातून निघालेला शब्द मागावर येऊन बसला.)

पण राऊळ म्हणजे देऊळ झालं तरी त्यातलं कुल काही गेलं नाही. कुल म्हटलं की कुळातला आणि कुळाबाहेरचा आलाच. राजवाड्याला दार होतं, देवळालाही दार राहिलं. चोखोबांना जन्मभर विठ्ठलाच्या राउळात पाऊल टाकता आलं नाही. १३३८ मध्ये मंगळवेढ्याला गावकुसाचं काम चालू असताना भिंत कोसळून ते गेले. त्यांची समाधी आजही पंढरपूरला महाद्वारासमोर आहे, नामदेव पायरीजवळ. म्हणजे दाराच्या बाहेरच. ते दार सगळ्यांसाठी उघडावं म्हणून साने गुरुजींना मे १९४७ मध्ये दहा दिवस उपोषण करावं लागलं. सहाशे वर्षं! राऊळ हा शब्द कानाला किती गोड लागतो, पण त्या गोडव्याला ही एक कड आहे, आणि ती लपवून शब्दाचा इतिहास सांगण्यात मला तरी अर्थ वाटत नाही.

म्हणूनच शब्दाचं दुसरं घर मला जास्त आवडतं. ते घर म्हणजे एक माणूस.

महानुभाव पंथात पाच अवतार मानतात: श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चक्रपाणी, गोविंदप्रभू आणि चक्रधर. यातले चक्रपाणी म्हणजे फलटणचे चांगदेव राउळ (ज्ञानेश्वरांना कोरं पत्र धाडणारे चांगदेव वेगळे). आणि गोविंदप्रभू म्हणजे अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरचे गुंडम राउळ. दोघांच्याही नावाला राउळ. यादव देवगिरीवर राज्य करत होते तेव्हाची ही गोष्ट. तिकडे गडावर राजाचं राउळ आणि इकडे रिद्धपूरच्या गल्ल्यांत हे राउळ.

आणि हे राउळ कसे होते? जगाच्या भाषेत वेडे. आपल्याशीच हसायचे, मूर्तींशी बोलायचे, पोरांमध्ये खेळायचे, मनात आलं की कुणाच्याही घरात शिरून खायला घ्यायचे. रागावले तर शिव्या द्यायचे. पंथाची दृष्टी अशी की हा वेडेपणा देवाचा खेळ आहे. त्यांचं चरित्र म्हाइंभटांच्या नावावर आहे. लीळाचरित्र लिहिणारे तेच. तेराव्या शतकाच्या शेवटचं हे गद्य. अ‍ॅन फेल्डहाउस या अमेरिकन विदुषीने त्याचं इंग्रजी भाषांतर १९८४ मध्ये छापलं. त्या चरित्रात गावातले लोक या माणसाला एकाच वेळी आई आणि बाप दोन्ही म्हणतात. आणि हे राउळ ज्यांना गाव शिवून घेत नव्हतं त्यांच्या वस्तीतही तसेच जायचे जसे ब्राह्मणाच्या घरी.

इथे शब्दाचं काय झालं बघा. राउळ म्हणजे ते घर, ज्याच्या दाराशी आपण उभं राहायचं आणि आत बोलावण्याची वाट बघायची. रिद्धपूरकरांनी हा शब्द अशा माणसाला दिला, जो स्वतःच प्रत्येकाच्या दारात जाऊन उभा राहायचा. घर चालत घरोघर जाऊ लागलं. कुणी फर्मान काढलं नाही, कुणी ताम्रपट कोरला नाही. लोकांनी फक्त हाक मारली.

ही हाक आपल्यापर्यंत पोचली तीसुद्धा नशिबाने. महानुभावांनी आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांमध्ये लिहायला सुरुवात केली. त्यातली सगळ्यात प्रसिद्ध सकळ लिपी. एका अक्षराच्या जागी दुसरं चिन्ह, म्हणजे सरळ सरळ सब्स्टिट्यूशन सायफर. त्यामुळे हे साहित्य कित्येक शतकं पंथाबाहेर कुणाला वाचताच येत नव्हतं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्यासारख्या अभ्यासकांनी हे कुलूप उघडलं, आणि यादवकाळातली बोलती मराठी आपल्याला जवळजवळ जशीच्या तशी सापडली. एन्क्रिप्शनचा असाही एक फायदा: कुणी मधे हात घालून भाषा 'शुद्ध' करत बसलं नाही. पुढे मराठी भाषा विद्यापीठासाठी सरकारने २०२३ मध्ये जागा निवडली तीही रिद्धपूरचीच. राजधानी देवगिरीला होती, पण भाषेची ठेव त्या वेड्या म्हाताऱ्याच्या गावात निघाली.

आपण शनिवार-रविवारी दौलताबादला जातो, चांद मिनारसमोर सेल्फी काढतो, अंधारीतून मोबाइलच्या उजेडात चढतो, वर पोचून दम खातो. तिथे यादवांचं राउळ शोधायला जाल तर फारसं काही हाताला लागणार नाही. दगड पुढच्या राजांनी वापरले, पदव्या पुढच्या काळाने. वरून शहर मात्र छान दिसतं, आणि जे नाव आज पाटीवर आहे त्याआधी खडकी, फतेहनगर, औरंगाबाद ही नावं त्याच शहराने वापरलीत. राजे नावं देतात आणि लोक ती वापरतात, हे खरंच. पण कुठला मोठा शब्द कुणाला द्यायचा हे कधी कधी लोकही ठरवतात, आणि ते दिलेलं मग आठशे वर्षं कुणी परत घेऊ शकत नाही.

असो. बरंच लांबलं. उद्या सोमवार आहे, स्टँडअप साडेनऊला. चला राव, भेटू पुढच्या वीकेंडला.