‘आयसो’ आणि ‘सम’ : एका पूर्वपदाचा इतिहास

शास्त्रीय परिभाषेची चर्चा करताना संज्ञेची व्युत्पत्ती सांगून थांबण्याचा प्रघात आहे. परंतु एकच पूर्वपद अनेक शास्त्रांत संचार करू लागले म्हणजे त्याचा अर्थ सर्वत्र अभंग राहतो काय, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा होय. ‘समान’ या अर्थाच्या ‘आयसोस’ या ग्रीक विशेषणापासून सिद्ध झालेले ‘आयसो’ हे पूर्वपद या दृष्टीने तपासण्याजोगे आहे.

प्राचीन ग्रीकमध्ये ते भूमितीत होते तसेच राज्यविचारातही होते. युक्लिडचा ‘आयसोस्केलीस’ म्हणजे समान पायांचा, आपला समद्विभुज त्रिकोण. तर हिरोडोटसच्या इतिहासात येणाऱ्या ‘आयसोनोमिया’ या शब्दात कायद्यापुढील समतेची कल्पना आहे. समान काय आहे, हे दोन्ही ठिकाणी उत्तरपदच सांगते.

आधुनिक शास्त्रांत या पदाला नवे आयुष्य लाभले ते एकोणिसाव्या शतकात. समान चुंबकीय दिक्पात दाखविणाऱ्या रेषा एडमंड हॅलीने 1701 मध्येच नकाशावर काढल्या होत्या. मात्र समान सरासरी तापमानाची स्थळे जोडणाऱ्या रेषेस ‘आयसोथर्म’ हे नाव हम्बोल्टने 1817 मध्ये दिले. फॉस्फेट व आर्सेनेट यांच्या स्फटिकांतील साम्यावरून मिट्शेरलिखने 1819 मध्ये ‘आयसोमॉर्फिझम’ची कल्पना मांडली. पुढे 1830 मध्ये बर्झेलियसने ‘आयसोमर’ ही संज्ञा घडविली आणि येथेच अर्थाला कलाटणी मिळाली. घटकांचे प्रमाण समान असूनही गुणधर्म निराळे, म्हणून ही संज्ञा अवश्य झाली. समानता ही येथे केवळ पार्श्वभूमी असून लक्ष वेधले जाते ते भेदाकडे.

‘आयसोटोप’ची कथा अशीच आहे. फ्रेडरिक सॉडी यांनी 1913 मध्ये स्वीकारलेला हा शब्द मार्गारेट टॉड या डॉक्टर विदुषीने सुचविला होता. अणुभार भिन्न, परंतु आवर्तसारणीतील स्थान एकच; म्हणून ‘समस्थानिक’. यानंतर 1934 मध्ये गुगेनहायमर यांनी ‘आयसोटोप’मधील प्रोटॉनसूचक ‘पी’ काढून न्यूट्रॉनसूचक ‘एन’ घातला व ‘आयसोटोन’ हा शब्द बनविला. या शब्दाचे उत्तरपद ग्रीक धातूवरून आले नसून एका अक्षराच्या अदलाबदलीतून आले आहे. त्याची व्युत्पत्ती ग्रीक कोशात शोधणारा अभ्यासक निश्चितच फसेल.

भाषाशास्त्राने हे पूर्वपद उसने घेतले ते 1892 मध्ये. लॅट्वियन बोलींच्या अभ्यासात बीलेनश्टाइन यांनी ‘आयसोथर्म’च्या धर्तीवर ‘आयसोग्लॉस’ ही संज्ञा योजली. मात्र ही उपमा पूर्णांशाने लागू पडत नाही. समताप रेषेवरील सर्व बिंदूंचे तापमान एकच असते. बोलीनकाशावरील रेषा मात्र बहुधा दोन भिन्न प्रयोगांची सीमा दाखविते. ‘डोळा’मधील ‘ळ’ राखणारा प्रदेश आणि त्याजागी ‘डोया’ म्हणणारा वऱ्हाडचा प्रदेश यांमध्ये रेषा ओढली, तर तिच्यावर समान असे काहीच नसते. समानता असते ती तिच्या दोहो बाजूंस, आपापल्या प्रदेशात. नाव समतेचे आणि कार्य भेदाचे, असा हा प्रकार आहे.

मराठीत ‘आयसो’साठी बहुधा ‘सम’ योजले गेले : समताप रेषा, समस्थानिक, समघटक. पण हेच ‘सम’ ‘होमो’साठी ‘समजातीय श्रेणी’त आणि ‘सिन्’साठी ‘सममिती’त वापरलेले आहे. ‘समरूप’ हा शब्द तर भूमितीत आकाराच्या सारखेपणासाठी रूढ असल्यामुळे ‘आयसोमॉर्फिक’साठी तो योजताच घोटाळा संभवतो. गंमत अशी की, संस्कृत ‘सम’चा खरा सहोदर ग्रीक ‘होमोस’ हा आहे; ‘आयसोस’शी त्याचे रक्ताचे नाते नाही.

उलटपक्षी, अनुवादाने काही ठिकाणी मुळापेक्षा अधिक स्पष्टता साधली आहे. ‘आयसोबार’ हा एकच शब्द हवामानशास्त्रात समान दाबाच्या रेषेस लागतो आणि समान अणुभाराच्या अणूंसाठी 1918 मध्ये स्ट्यूअर्ट यांनी तोच सुचविला. मराठीत ‘समदाब रेषा’ व ‘समभारिक’ असे दोन शब्द झाल्याने ग्रीकमधील ही संदिग्धता आपोआप नाहीशी होते.

तात्पर्य, पूर्वपदाची एकवाक्यता ही अर्थाच्या एकवाक्यतेची ग्वाही नव्हे. परिभाषा घडविताना समान काय आहे, कोठे आहे आणि ती समानता कोणता भेद दाखविण्यासाठी सांगितली आहे, हे तीन प्रश्न प्रथम विचारले पाहिजेत. ‘आयसोग्लॉस’साठी ‘सम’चा आग्रह न धरता ‘बोलीसीमा’सारखा शब्द पत्करणे हे मूळ शब्दाशी नसले, तरी मूळ कल्पनेशी अधिक प्रामाणिक ठरेल.