दर्या, दऱ्या आणि र. कृ. जोशी

सह्याद्रीतून उतरणारी शुक नदी खारेपाटणला खाडीचे रूप घेते आणि विजयदुर्गाजवळ समुद्राला मिळते. म्हणजे एकीकडे 'दऱ्या', दुसरीकडे 'दर्या'. या दोन शब्दांत फरक आहे तो केवळ 'र'च्या आकाराचा. छापखान्यातला जुळारी तो खिळा बदलून दाखवीत असे. संगणकाला मात्र तो शिकवावा लागला. ज्यांनी हे काम केले त्यांत सुलेखनकार आणि कवी रघुनाथ कृष्ण जोशी (१९३६-२००८) यांचे नाव अग्रभागी आहे.

मुंबईच्या जे. जे. परंपरेत शिकलेले जोशी जाहिरात क्षेत्रातून अध्यापनाकडे वळले. १९८३ ते १९९६ या काळात त्यांनी आयआयटी मुंबईच्या औद्योगिक अभिकल्प केंद्रात अक्षरकला शिकविली. साठोत्तरी लघुनियतकालिकांच्या वाचकांना ते दृश्यकवितेमुळे आधीच परिचित होते.

जुहूच्या राष्ट्रीय सॉफ्टवेअर तंत्रज्ञान केंद्रात (एनसीएसटी) डॉ. सुधीर मुदूर आदी संगणक-आलेखन तज्ज्ञांशी त्यांचे सहकार्य जुळले. प्रश्न वरवर साधा होता. संगणक अक्षरे उच्चाराच्या क्रमाने साठवितो. 'खिडकी'तला 'ख' आधी, वेलांटी नंतर. पडद्यावर मात्र वेलांटी आधी यावी लागते. 'वर्ष'मधला 'र' साठविताना 'ष'च्या आधी असतो, दिसतो त्याच्या डोक्यावर. शिवाय जोडाक्षरे शेकडो. खारेपाटणला सापडलेला रट्टराज शिलाहाराचा ताम्रपट १००८ सालचा; तो कोरणाऱ्याला प्रत्येक वळण हाताशी आल्यावर ठरविता येत होते. संगणकाला ही सारी वळणे, त्यांच्या जागा आणि नियम आधीच सांगून ठेवावे लागतात. भारतीय लिप्यांच्या अशा आकारणीची रचना मांडणारा शोधनिबंध मुदूर, जोशी व सहकाऱ्यांनी १९९९ मध्ये प्रसिद्ध केला. तो आला संगणक-आलेखनाच्या नियतकालिकात, भाषाशास्त्राच्या नव्हे.

'विंडोज २०००'सोबत आलेले 'मंगल' (देवनागरी) आणि 'लता' (तमिळ) हे टंक जोशींच्या अक्षररेखनातून साकारले. सौंदर्याच्या कसोटीवर 'मंगल' ही काही त्यांची सर्वोत्तम निर्मिती नव्हे. लहान, भरड पडद्यावर वाचता येणे ही तिची पहिली अट होती. पण युनिकोडमध्ये मराठी लिहू लागलेल्या असंख्य लोकांनी आपली लिपी पडद्यावर प्रथम पाहिली ती याच वळणात. एनसीएसटीचा 'रघू' टंक तर विनामूल्य उपलब्ध झाला.

५ फेब्रुवारी २००८ रोजी सॅन फ्रान्सिस्को येथे जोशी यांचे निधन झाले. २०१२ च्या 'विंडोज ८'पासून 'मंगल'ची जागा 'निर्मला' टंकाने घेतली. 'विंडोज १०'मध्ये 'मंगल' हवा असल्यास वेगळा बसवून घ्यावा लागतो.