टाइल निघावी, दगड राहावा



हेमाडपंती म्हणून आपण ओळखतो त्या देवळांत दगडावर दगड खाचा करून बसवलेले आहेत, मध्ये चुना नाही. पुढे वाड्यांच्या, घाटांच्या बांधकामात चुना आला. भट्टीत भाजलेली चुनखडी पाण्यात विझवायची, बैलाच्या घाणीत वाळूबरोबर मळायची, कुठे त्यात गूळ, कुठे बेलफळाचं पाणी. असा चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषून हळूहळू पुन्हा चुनखडीच होतो, पण आपल्या काळ्या दगडापेक्षा मऊच राहतो. त्यामुळे कधी भिंत उकलायची वेळ आली तर चुना तुटतो, दगड शाबूत राहतो. मला यात जुन्या लोकांचं खरं शहाणपण दिसतं.

१८२४ साली इंग्लंडमध्ये जोसेफ ॲस्पडिन यांनी पोर्टलंड सिमेंटचं पेटंट घेतलं. पुढे ते आपल्याकडे घराघरांत पोचलं. १९२२ मध्ये स्वदेशीच्या विचारातून भारत फ्लोअरिंग टाइल्सचा कारखाना निघाला. आजीच्या घरातली नक्षीची फरशी आठवते ना, ती याच जातीची, भट्टीत न भाजता दाबून केलेली. १९५६ मध्ये अमेरिकेत हेन्री रॉथबर्ग यांनी सिमेंटच्या मसाल्यात लेटेक्स मिसळला आणि इंचभर जाड थराऐवजी काही मिलिमीटरमध्ये टाइल चिकटू लागली. प्रत्येक पायरीवर पकड घट्ट होत गेली. काढायची वेळ आली तर काय, हा प्रश्न मात्र मागे पडला.

आज तो प्रश्न देवळांत आलाय. धुवायला सोपं म्हणून गाभाऱ्याच्या दगडी भिंतींना पांढऱ्या टाइल्स लावायची एक लाटच होती. आता उलटं चाललंय. २०२४ मध्ये पंढरपूरला विठ्ठल मंदिरात नंतर बसवलेलं ग्रॅनाइट काढलं आणि मूळ दगड दिसू लागला. आमच्या गावच्या बस्तीतही कमिटीत तोच विषय आहे. एक गवंडी म्हणतो ब्रेकर लावू, दोन दिवसांचं काम. दुसरा म्हणतो ॲसिड मारू.

दोन्ही मला पटत नाही. फरशीचं ॲसिड चुन्यावर पडताच फसफसतं. सिमेंटही खातं, पण त्याआधी दगडांच्या सांध्यांतला जुना चुना खातं, आणि मागे राहिलेले क्षार पांढरे डाग होऊन वर येतात. रेझिन असलेल्या ॲढेसिव्हवर तर त्याचा फारसा इलाजही चालत नाही. धुतलेलं पाणी गटारात जातं, तिथल्या जीवांचं काय होतं ते वेगळं सांगायला नको. ब्रेकरच्या हादऱ्याने कोरीव काठ उडतात. शिवाय सिमेंट-वाळूच्या धुळीत सिलिका असते, ती मजुराच्या फुप्फुसात कायमची बसते. आपण मुंगी वाचवायला वाकतो आणि त्या माणसाला साधा मास्क देत नाही, हे मला खटकतं.

घरकामातली हिंसा आरंभी. गृहस्थाला ती पूर्ण टळत नाही, म्हणून तर यत्नाचार सांगितलाय. इथे यत्नाचार म्हणजे आधी सांधे कापायचे, पातळ छिन्नी टाइलच्या कडेतून दगडाला जवळजवळ समांतर धरायची, हलका हातोडा मारायचा, आणि धूळ उडू नये म्हणून गाळलेलं पाणी शिंपडत राहायचं. पाण्याने सिमेंट मऊ होत नाही, धूळ तेवढी बसते. मुंग्यांची रांग दिसली तर तो कोपरा त्या दिवशी सोडायचा. काम चातुर्मास संपल्यावरच काढायचं. बस्ती संरक्षित स्मारक असेल तर पुरातत्त्व खात्याच्या परवानगीशिवाय छिन्नीला हातही लावायचा नाही.

(अमेरिकेतल्या मैत्रिणींनो, जुन्या घरात फरशीखाली काळा डांबरी गोंद निघाला तर घासू नका. त्यात ॲस्बेस्टॉस असू शकतो, आधी तपासून घ्या.)

कोरीव कामावर सिमेंटचा पातळ थर उरला तर उरू द्या, पुढच्या पिढीकडे कदाचित अधिक चांगली हत्यारं असतील. आणि कमिटीत असाल तर मजुरी चौरस फुटावर ठरवू नका, रोजावर ठरवा. फुटावर ठरवली की माणूस घाई करणारच.