क्वांटमोत्तर कूटलेखन

क्वांटम संगणकालाही फोडता येणार नाही अशा रीतीने मजकूर गुप्त ठेवण्याच्या आणि डिजिटल स्वाक्षरी करण्याच्या गणिती पद्धती. नाव थोडे फसवे आहे. या पद्धतींना क्वांटम संगणक लागत नाही, त्या आजच्याच संगणकांवर आणि मोबाइलवर चालतात. प्रकाशकणांच्या साह्याने किल्ली पोचवण्याचे तंत्र निराळे. वर्तमानपत्रांत दोन्हींची सर्रास सरमिसळ होते.

बँका, आधार, सरकारी दाखले यांचा भरवसा आज मुख्यतः आरएसए (१९७७) आणि विवृत्तीय वक्र या कूटलेखनाच्या दोन कुळांवर आहे. दोन अजस्र मूळ संख्यांचा गुणाकार चुटकीसरशी होतो, पण गुणाकारावरून त्या संख्या शोधायला साध्या संगणकाला युगे लागतात, एवढेच आरएसएचे बळ. बेल लॅब्समधील पीटर शॉर यांनी १९९४ मध्ये दाखवले, की पुरेसा मोठा क्वांटम संगणक ही फोड झटपट करू शकेल. विवृत्तीय वक्रांचीही त्यातून सुटका नाही. तसे यंत्र अजून झालेले नाही. २०४८ बिटांची आरएसए फोडायला दोन कोटी क्यूबिट (क्वांटम बिट) लागतील, असा २०१९ चा अंदाज होता. गूगलच्या क्रेग गिडनी यांनी २०२५ मध्ये तो दहा लाखांच्या आत आणला. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत, डीआरडीओची पुण्यातील प्रयोगशाळा आणि टीसीएस यांच्या साथीने घडलेला, २०२४ मध्ये चाचणी झालेला प्रोसेसर सहा क्यूबिटांचा आहे. यंत्र वाढण्याआधी फोडीसाठी लागणाऱ्या क्यूबिटांचा आकडाच घटत चालला आहे, हे यातले खरे चिंतेचे.

हा प्रश्न नांदेड जिल्ह्यातील हिमायतनगरसारख्या तालुक्याच्या गावापर्यंत कसा पोचतो, ते सातबाऱ्यावरून समजते. १ मे २०१८ पासून राज्यात डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा मिळू लागला आणि पीककर्जासाठी तलाठ्याच्या सहीमागे फिरण्याची गरज कमी झाली. सातबारा गुप्त नसतो, कोणीही पाहू शकतो. त्यामुळे इथे धोका चोरून वाचण्याचा नाही, खोटी सही करण्याचा आहे. भारतातील प्रमाणन संस्था ज्या स्वाक्षऱ्यांना प्रमाणपत्र देतात त्या आरएसए किंवा विवृत्तीय वक्रांच्याच. उद्या सही जिच्याने होते ती खासगी किल्ली हुडकता आली, तर मागची तारीख घातलेला बनावट उतारा अस्सल सहीनिशी तयार होईल. आधारमधील बोटांच्या ठशांचे उलटे आहे. ठसे जन्मभर बदलत नाहीत, म्हणून आज चोरून साठवलेली माहिती वीस वर्षांनी उलगडली तरी नुकसान तेवढेच.

कॅनडातील मिशेल मोस्का यांचा आडाखा प्रसिद्ध आहे: माहिती जितकी वर्षे सुरक्षित राहायला हवी तिच्यात व्यवस्था बदलायला लागणारी वर्षे मिळवा, बेरीज यंत्र येण्याच्या मुदतीपेक्षा मोठी असेल, तर उशीर झालेलाच आहे. कागदाला किती जगावे लागते, हे मराठवाड्याला सांगायला नको. सप्टेंबर २०२३ मध्ये नेमलेल्या न्या. संदीप शिंदे समितीसाठी कुणबी नोंदी शोधताना निजामकाळातील मोडी आणि उर्दू दप्तरे उघडावी लागली. जमिनीच्या वादात १९५४-५५ चे खासरा पत्रक आजही काढले जाते.

नव्या पद्धतींपैकी बहुतेक जालकांच्या गणितावर उभ्या आहेत. अनेक अज्ञातांची समीकरणे शाळकरी पोरही सोडवते. पण प्रत्येक उत्तरात मुद्दाम बारीकशी चूक मिसळली आणि अज्ञातांची संख्या शेकड्यांत नेली, की वाट सापडत नाही. ओडेड रेगेव्ह यांनी २००५ मध्ये हा पाया घातला. अमेरिकेच्या मानक संस्थेने २०१६ मध्ये जगभरातून प्रस्ताव मागवले आणि १३ ऑगस्ट २०२४ रोजी तीन मानके जाहीर केली: किल्ली ठरवण्यासाठी एमएल-केईएम, स्वाक्षरीसाठी एमएल-डीएसए आणि एसएलएच-डीएसए. मधल्या चाळणीत जे गळाले तेही बोलके आहे. साइक ही पद्धत २०२२ मध्ये एका साध्या संगणकाने तासाभरात मोडली. क्वांटमची गरजही पडली नाही. म्हणूनच सध्या जुनी आणि नवी पद्धत एकत्र जोडून वापरतात. क्रोम ब्राउझरने संगणकांवर एप्रिल २०२४ पासून तसेच केले. मात्र त्याने किल्लीची देवघेव सांभाळली जाते, स्वाक्षरी नव्हे.

स्वाक्षरीची अडचण आकाराची आहे. आरएसएची सही २५६ बाइटची, एमएल-डीएसएची सर्वांत लहान २,४२०. आधारच्या क्यूआर चौकटीत नाव, पत्ता, फोटो आणि सही असे सगळे बसते. पण क्यूआरची कमाल क्षमताच २,९५३ बाइट आहे. नवी सही घातली, तर फोटोला जागा उरणे कठीण.

अमेरिकी मसुद्यानुसार जुन्या पद्धती २०३५ नंतर बंद व्हायच्या आहेत. भारताने एप्रिल २०२३ मध्ये ६,००३.६५ कोटी रुपयांचे राष्ट्रीय क्वांटम मिशन मंजूर केले. आधीच निघालेल्या उताऱ्यांसाठी उपाय आहे: जुनी सही मोडण्याआधीच त्यांवर नव्या पद्धतीची कालमुद्रा उमटवून ठेवणे. कापडी पिशवीत घडी घालून ठेवलेला छापील सातबारा मात्र यात येत नाही. कागदावर उतरताच डिजिटल स्वाक्षरी तपासण्याजोगी राहत नाही. उरतो तो पडताळणी क्रमांक, आणि तो महसूल विभागाच्या संकेतस्थळावरच ताडून पाहावा लागतो.